दहा शब्द

१९ ऑगस्ट
झाली एकदाची परीक्षा. दरवर्षीचंच. रग्बीच्या हंगामाआधी संघाचे डॉक्टर हॅनली दहा शब्द वाचतात, दहा मिनिटांनी आपण परत सांगायचे. आकडा लिहून ठेवतात. पुढे खेळताना डोकं आपटलं की पुन्हा तीच परीक्षा – आकडा घसरला की बसा बाहेर. म्हणून आत्ताच मुद्दाम चुकायचं! आम्हा जुन्यांना हे कुणी शिकवावं लागत नाही. मला दहाही येत होते. सहा सांगितले, कपाळ चोळलं, "वय झालं हो डॉक्टर," म्हटलं.

क्लिओनाला गाडीतच पढवलं होतं. एकवीस वर्षांची, आमच्याच क्लेअर परगण्यातली, खेळते माझ्याच सात नंबरच्या जागेवर. "पण नोरीन, हे खोटं नाही का गं?" – म्हणे! म्हटलं, "मग राहा खरी, आणि बाहेर बसून सँडविच खा." पाच सांगून आली. माझ्याहून एक कमी. हुशार आहे भवानी.

८ मार्च
संघ लागला. सात नंबर – क्लिओना. मी तेवीस जणींतही नाही! पाण्याच्या बाटल्या न्यायच्या. देशासाठी एकोणपन्नास सामने खेळले मी. पन्नासावा या पोरीपायी राहणार?

मॅम, म्हणजे आमची आई, फोनवर म्हणाली, "चौतीस झालीस, नोरीन. गाईलाही कधीतरी सुट्टी देतोच ना आपण?"
सुट्टी नाही देत, मॅम. कत्तलखान्यात धाडतो.

२२ मार्च
क्लिओनाने सामन्यात दोनदा चेंडू रेषेपार टेकवला – दोन ट्राय! मी टाळ्या वाजवल्या. मेली!
संतापात हॉटेलात भलत्याच खोलीला किल्ली लावत बसले. आतून कुणीतरी ओरडलं.

२५ मार्च
सरावात कुणाचा तरी गुडघा क्लिओनाच्या डोक्यात बसला. नुसता आवाजच ऐकावा! लगेच दहा शब्द. पाच सांगितले, आकडा तोच, डॉक्टर खूश.

डब्लिनहून घरी निघालो, माझ्याच गाडीतून. "नीना गाव गेलं का गं?" – "गेलं." पाच मिनिटांनी, "नीना गेलं का?" मग तिसऱ्यांदा. पेट्रोल पंपावर उतरून भडाभडा ओकली. तोंड पुसत म्हणाली, "कुणाला सांगू नकोस हं. तूच तर शिकवलंस."
शनिवारी सामना आहे.

२६ मार्च
सांगितलं तर सात नंबर माझा. नाही सांगितलं तर पोर मरेलही कदाचित. इतकं सोपं आहे, तरी तीनदा फोन उचलून खाली ठेवला. कारण सांगणार मी पहिल्या गोष्टीसाठी!

२७ मार्च
सांगितलं. नीना, ओकणं, ऑगस्टातली तिची लबाडी – सगळं हॅनलींना. माझी तेवढी गिळली. "काळजी वाटली म्हणून," म्हटलं. वाटली होती, तिळाएवढी. बाकी सगळा पन्नासावा सामना होता.

ती बाहेर. सात नंबर मला.

तिने सगळ्यांदेखत विचारलं, "शिकवलं कुणी, ते सांगितलंस का गं म्हातारे?" मी बुटाची नाडी बांधत राहिले. जेवताना माझ्या टेबलावर कुणी आलं नाही. आमच्याकडे खून पचतो एखादवेळी, चहाडी पचत नाही. मॅमसुद्धा म्हणाली, "आपल्या घरात आजवर कुणी चहाडी केली नव्हती गं." आणि फोन ठेवला.

ठेवू दे. शनिवारी मी खेळणार!

२८ मार्च, सकाळ
हॅनली भडकलेत. जुने सगळे आकडे रद्द. सगळ्यांनी नव्याने परीक्षा द्यायची, खरीखुरी. "जी मुद्दाम चुकेल ती उद्या खेळणार नाही." पोरींनी माझ्याकडे असं पाहिलं की बस्स. मला काय! दहाच्या दहा सांगते आणि दाखवते एकेकीला.

२८ मार्च, दुपार
साखर, चिमटा, गालिचा, घोडा. पुढे काही नाही. डोळे मिटले, मुठी आवळल्या. काही नाही.

हॅनलींनी पेन खाली ठेवलं. "नोरीन, परत मुद्दाम?"

"हो," म्हणाले मी. "मुद्दाम."