खांद्यावरची दोन बोटं

गारखेडा, औरंगाबाद
१२ मे २०१६

प्रिय दादा,

फोनवर मी रडेन आणि तू 'शॉट लागलाय' म्हणून ठेवून देशील, म्हणून पत्र लिहितेय. रागावू नको, खरं तेच लिहिलं.

इथं आठ दिवसांतून एकदा नळ येतो. पलीकडच्या प्लॉटवर सात मजली इमारत उठतेय, तिला मात्र रोज टँकर. मरू दे. अण्णांचं सांगते. तू गेलास, असं ते अजून धरून बसलेत.

तुझ्या मालिकेत नायिकेचा बाप मेला आणि भिंतीवर तुझा हार घातलेला फोटो आला. अरे देवा, सेटवर द्यायला दुसरा फोटो नव्हता का रे? माझ्या लग्नातला दिलास! अण्णांना तेवढं कापलंस, पण तुझ्या खांद्यावर त्यांची दोन बोटं राहिलीच, अंगठीसकट. त्यांनी टीव्हीजवळ जाऊन ती बघितली, मग स्वतःचा हात बघितला. आजारपणापासून त्यांना कालचं धड आठवत नाही, मनाला लागलेलं तेवढं राहतं; आणि जित्या माणसाच्या फोटोला हार घालत नसतात हे पक्कं ठाऊक. लई समजावलं. ऐकतात व्हय! तुला ना बायको ना लेकरू, म्हणून बापानंच कचरू न्हाव्याला बोलावून केस उतरवले. बादलीभर पाण्यानं आंघोळ करताना हमसून हमसून रडले. मी दारात उभी होते.

हे तेच अण्णा रे. कन्नड-औरंगाबाद एसटीत तिकीट फाडता फाडता पॅसेंजरला सांगायचे, अमक्या पिक्चरला जा, मध्यंतरानंतर हवालदार येतो तो माझा सुदा. वीस वर्षं तू हवालदार, तलाठी नाहीतर पोस्टमन. आम्ही थट्टा करायचो, की सुदादादा पडद्यावर असताना शिंकायचं नाही, तेवढ्यात संपतो. अण्णा चिडायचे. हवालदारच नसला तर चोर धरील कोण, म्हणायचे.

त्या दिवशी तू फोनवर 'अण्णा, मी सुदा' म्हणालास, तर मेलेल्याच्या नावानं थट्टा करता का म्हणून त्यांनी तुला शिव्या घातल्या. त्यानंतर तू फोन केला नाहीस. तुला किती लागलं असेल, कळतं मला.

आता ते रोज दुपारी धुतलेला सदरा घालून दाराशी खुर्ची टाकून बसतात. म्हणतात, पोरानं त्या लोकांत जिंदगी घातली, एक नट भेटाया आला नाय. एवढा का नकोसा व्हता माझा सुदा? ताट तसंच ठेवतात. डॉक्टर म्हणाले, आता फार दिवस धरू नका.

म्हणून लिहितेय. ये. सुदा म्हणून नको, हाकलून देतील. सुदाबरोबर काम केलेला नट म्हणून ये. हवं तर मिशी लाव. त्यांच्यासमोर बस, सुदा चांगला नट होता म्हण, आणि ते तुझ्याबद्दल जे सांगतील ते सगळं ऐकून घे. छोटंच काम आहे, दादा. रडू आलं तर आवरू नको, भेटायला आलेली माणसं रडतातच.

दुसरी खुर्ची मांडून ठेवणारी,
तुझीच
प्रेरणा