बत्तीसमोर उभा राहणारा

३ मार्च
आज पुन्हा उभा राहिलो. प्रशिक्षणाला पहारेकऱ्यांची नवी तुकडी, तेच घाबरलेले चेहरे. शेडच्या टोकाला जाऊन ओरडलो— मारा! लेझर बत्तीचा हिरवा झोत थेट डोळ्यांत. सगळं पांढरं. मग टाळ्या! साहेबांचं ठरलेलं भाषण— "बघा, सरांना काही झालं? गर्दी पांगवायची, गाडी थांबवायची, इजा कुणाला नाही. पंधरा मिनिटांत डोळे जागेवर."

जागेवर आले नाहीत.

५ मार्च
बघतो तिथेच डाग. माणसाचे कान दिसतात, नाक गायब! दाढी करताना हनुवटी कापून घेतली. बायको म्हणाली, "लक्ष कुठंय तुमचं?" लक्ष! कपाळ माझं!

६ मार्च
डाग तसाच.

९ मार्च
डोळ्यांचे डॉक्टर फार वेळ आत बघत राहिले. "पडदा भाजलाय. गेलं ते गेलं." रस्त्यावर येऊन रडलो. या वयात!

साहेबांना सांगावं तर घरी बसवतील. न सांगावं तर सोमवारी पुढची तुकडी माझं बघून बत्तीसमोर उभी राहणार— आणि तिच्यात आमची भाची. ताई गेल्यावर मीच वाढवलेली पोर. रात्री जेवताना मामीला म्हणत होती, "मला कसली भीती? मामा इतक्यांदा उभा राहिला, त्याचं काय वाकडं झालं?" मी मान डोलावली. वर हसलोसुद्धा. लाज वाटते.

१२ मार्च
झोप नाही. तिला एकटीला सांगून टाकू? मग बाकीच्या पोरांचं काय? तीही कुणाची तरी आहेतच ना! छे, बोलायचं तर सगळ्यांसमोर. नोकरी गेली खड्ड्यात.

१५ मार्च, दुपार
बोललो! साहेब शेजारी उभे असताना बोललो— मला समोरचं दिसत नाही, या बत्तीमुळे दिसत नाही, कुणीही हिच्यासमोर उभं राहायचं नाही. साहेब एवढंच म्हणाले, "बाहेर या." गेलो. किती हलकं वाटलं म्हणून सांगू! पोर वाचली.

१५ मार्च, संध्याकाळ
भाची फाटकाशी थांबली होती. म्हणाली, "मामा, काल आम्ही मैत्रिणींनी तुझ्या पिशवीतली बत्ती घेतली होती. सराव म्हणून. एकमेकींवर मारली, अगदी जवळून. तूच म्हणायचास ना, काही होत नाही."

मग हळूच— "हा डाग कधी जातो रे?"