गाणारीचा डावा हात

आई, शेजारची ती शेंबडी पोर, जी रोज आपल्या स्वयंपाकघरात येऊन बसायची, ती मोठी गाणारी झाली आणि आता गेलीही. टीव्हीवर रोज तिचे जुने कार्यक्रम दाखवतात. आपल्या मेलकावेरीतल्या सगळ्या बाया डोळे पुसतात. ती होती तेव्हा एकीनंही तिला घोटभर कापी विचारली नाही.

मी टीव्हीपुढं गाण्यासाठी बसत नाही. माझा कान दगडाचा, तूच म्हणायचीस. तू चुलीशी कापीचं बी भाजायचीस. उजव्या हातात उलथनं, तोंडात मरुदानल्लूरच्या मठातली भजनं, डाव्या हातानं मांडीवर ताल. टाळी, मग बोटं मोजायची, मग हात उलटा. तो उलटा करताना तू तोंडावरचा धूर बाजूला सारायचीस, तो सगळा माझ्या तोंडावर. मी उठले की ओरडायचीस, "बस गं! माझा हात थांबला तर बी करपेल, तू पळालीस तर भजन." ती पोर मात्र तुझ्याकडे बघत डावा हात अगदी तुझ्यासारखा हलवायची.

परवा एक जुनी फिल्म लागली, काळीपांढरी. दिल्लीतला मोठा मंडप, पुढं मंत्री बसलेले, ही रेशमी साडीत. बाकीचे गाणारे उजव्यानं ताल धरतात; हिचा उजवा हात गप्प मांडीवर, डाव्यानं ताल. आणि हात उलटताना ती तोंडावरचा धूर सारते! तिथं कुठली गं चूल? तुझा एक फोटो नाही. माझ्या लग्नात फोटोवाला आला तेव्हा तू चुलीशीच होतीस. तुझा चेहरा मला आता नीट आठवत नाही, खोटं कशाला बोलू. आणि तू तिथं, मनगटापासून बोटांपर्यंत, जिवंत.

पण ते मेले सारखा तिचा चेहराच दाखवतात. मी ओरडते, "अरे, हात दाखवा!" सुनेला म्हटलं, आवाज बंद कर. "आत्याबाई, गाणारीचा आवाज बंद करून बघायचं काय?" म्हटलं, "तुझी आजेसासू." तिनं उठून बंद केला.

हे पत्र टाकू कुठं? पोस्टमन काय तुझ्या अस्थी सोडल्या त्या कावेरीत उतरून तुला शोधणार आहे? राहील तांदळाच्या डब्यात. एकच सांगते. पडद्यावर तो हात उलटला की मी अजून तोंड फिरवते. काल नाही फिरवलं. येऊ दे म्हटलं धूर.