जेवणाआधीचे हात

३ ऑगस्ट, रविवार
पौर्णिमानं बुद्धाच्या तसबिरीशेजारी एक पोरगी चिकटवली — जांभळे केस, वाटीएवढे डोळे. जपानी कार्टून. कार्टून म्हटलं की नातीला राग येतो. "आजी, ॲनिमे म्हन." जपाननं आपला बुद्ध नेला आणि परतफेड म्हणून ही अवदसा पाठवली!

६ ऑगस्ट
आता जेवणाआधी ताटाला हात जोडून जपानीत पुटपुटते. ज्वारीच्या भाकरीला! विचारलं, हे कोणी शिकवलं? "ॲनिमेत समदेच करतात. ज्यानं पिकवलं, ज्यानं रांधलं, त्याइचे उपकार माना लागते." अठरा वर्षं हिला मी रांधून घालते आहे. उपकार मानायला कार्टूननं शिकवावं लागलं.
कॉन्व्हेंटात सिस्टर आम्हालाही हात जोडायला लावत. एकदा घरी जोडले तर परक्या देवाला हात जोडते म्हणून बाबांनी समोरचं ताट उचलून नेलं होतं. हे तिला सांगितलं नाही.

११ ऑगस्ट
कार्टून पाहून पाहून भाषा शिकली, परीक्षाही पास झाली — मला न सांगता. आता जपानला जायचंय, वृद्धाश्रमात नोकरीला. "तिकडं म्हातारेच म्हातारे हायेत, आजी. त्याइले पाहाले कोनी नाई."
आणि इथे कोण आहे? तिची आई गेल्यापासून आम्ही दोघीच. माझ्या गुडघ्यांना तेल लाव म्हटलं की हिच्या हातातला मोबाईल सुटत नाही. परक्या म्हाताऱ्यांना आंघोळी घालणार!
शेजारची पंचफुला म्हणते, "बाई, जाऊ द्या पोरीले. तुमच्यासाठी मी हावो ना." हिचं हिच्या सुनेशी पटत नाही, ही मला सांभाळणार.

१२ ऑगस्ट
गुडघे दुखतात. तेल स्वतःच लावलं.

१८ ऑगस्ट
पौर्णिमा शेलूबाजारला गेली असताना मुलींना जपानला नोकरीला नेणाऱ्या कंपनीच्या बाईचा फोन आला. फॉर्मवर पालक म्हणून माझाच नंबर. घरच्या वडीलधाऱ्यांशी बोलल्याशिवाय ते मुलींना नेत नाहीत म्हणे. किती वर्षांनी इतकं स्वच्छ इंग्रजी बोलले. सिस्टर खूश झाल्या असत्या.

२६ ऑगस्ट
निवड झाली नाही. "काहून ते सांगत नाईत, आजी." भिंतीवरची पोरगी तिनं स्वतःच काढली. मग न सांगता तेल कोमट करून आणलं, बराच वेळ माझे गुडघे चोळले. घरच्यांची संमती नाही — एवढंच तर मी म्हणाले होते त्या बाईला.
जेवायला बसली. हात जोडले नाहीत.