लाल दोऱ्याच्या लोंब्या

१८ जून १९७४
मी सांगते, शकू लिहिते. शकू म्हणजे मोठी सून, सातवी पास. सांगितलं तेवढंच लिहायचं, आपली अक्कल टाकायची नाही, असं ठरलं हाय.
लहाना पोरगा दिगू आला. विद्यापीठात धानाचा शास्त्रज्ञ. बोडीच्या तळ्याखालच्या दोन बांध्या, धानाची वावरं, मागते. म्हणे, "हलक्या धानासारखं लवकर पिकन अन् भारी धानासारखं भरन, असं वाण काढून राहिलो, माय. पाच वर्षं झाली." म्हटलं, लवकर येईन अन् भरपूर देईन, असा जावई अजून कोणाले भेटला नाही, तुले धान भेटन?
बांध्या दिल्या.

२९ सप्टेंबर १९७४
बोडीचं पाणी सरलं. आमचा धान हिरवाच. दिगूच्या बांधीत मात्र दहा-बारा रोपं पिवळीजर्द, त्यायले लाल दोरा. आमच्या घरी नवं खायच्या, पहिल्या तांदळाच्या लोंब्यायले उभ्या पिकातच लाल दोरा बांधतात, देवाच्या म्हणून. पोट्टा एवढा शिकला, पण देव नाही विसरला, बरं वाटलं. कापल्या, कांडल्या, खीर केली. सांजेले दिगू नागपूरवरून आला. दोन वाट्या खाल्ल्या. "यंदा नवं लवकरच व माय!"

३० सप्टेंबर
दिगू बांधीतून परतला, तोंड पांढरंफट. पाच वर्षांत निवडून काढलेली तेवढीच रोपं होती. दोरा खुणेचा. मागचं बी हाय, पण त्यातून इथवर यायले पुन्हा तितकीच वर्षं.
"कोणी नेलं, माय?"
म्हटलं, पोपटायनं. निघून गेलं तोंडातून.
थो वावराच्या धुऱ्यावर जाऊन बसला. शकू चुलीपाशी हळूच म्हणते, "आत्याबाई, पोपट विळा घेऊन येतात का?"
हेही लिही म्हटलं.

११ जुलै १९७९
दिगू विभागाचा मुख्य झाला. रोवणीच्या दिवसात आला, पण बूट काढले नाही. रोवणाऱ्या बाया म्हणे, "सायबाले चिखल चालत नाही का बापा आता?" विचारलं, तुया धानाचं काय? "पुन्हा पाच वर्षं कुठून आणू, माय? आता फायलीच रोवतो."
बाया हसल्या. मी नाही हसली. सांगणारच होती. तितक्यात चहा आला.

४ मार्च १९८४
दिगू कुलगुरू झाला. शकू म्हणते, सगळ्या मास्तरायचा मास्तर. गावात सत्कार, शाल, नारळ. भाषणात म्हणे, "माझा धान पोपटायनं खाल्ला, म्हणून मी या खुर्चीवर." टाळ्या. सरपंच उठून म्हणे, "अजी, धन्य थे पोपट!"
पदर पुढं ओढला. शकूनं कोपरानं ढोसलं.
घरी म्हणते, "आता तरी सांगा." म्हटलं, कुलगुरूले कायले सांगू? मग मलेच वाटलं, कुलगुरूले नाही, दिगूले सांगाचं हाय.

२० मे १९८४
दिगू एकटाच आला. ना गाडी, ना चपराशी. बसस्टँडवरून पायी. म्हणे, खुर्चीत पाठ दुखते. ठरवलं, जेवण झालं की सांगायचं. शकू वावरात होती. मी पाणी आणाले आत गेली, बाहेर येते तं दिगू खाटेवर, हातात हीच वही.
मले काय समजते कोणतं पान. मी त्याचं तोंड वाचत बसली. एकदा हसला. जावयाचं असन. पान उलटलं. मग बराच वेळ उलटलंच नाही.
"काय वाचतं रे?"
"काही नाही. वहिनीचं अक्षर चांगलं हाय."
वही ठेवली, जेवला, भात मागून घेतला. चारच्या बसनं गेला. पाया पडताना हात जरा जास्त वेळ राहिला, का मलेच वाटलं.
आता शकू विचारते, "सांगितलं का, आत्याबाई?"
म्हटलं, थो कोणत्या पानावर थांबला थे तू सांग. मग मी सांगते, सांगितलं का नाही.