निकालावर नाव माझं आहे

॥ श्री ॥
लालबाग, मुंबई
ता. ९ जून १९६०

चि. सौ. शांता हिस शेवंतीताईचे आशीर्वाद.

इकडे सगळं ठीक. तुम्ही खुशाल असाल असं धरून चालते. वखारीत नवा काटा बसवला. या खेपेला कोळशात भुकटी फार निघाली, व्यापाऱ्याशी भांडून पोती परत केली.

रविवारी तू कुशाबामामांना पुढे घालून आलीस. मी चहा दिला, उत्तर दिलं नाही. तोंडानं बोलले असते तर चाळ गोळा झाली असती, म्हणून लिहिते.

तू म्हणालीस, "ताई, नवा साहेब यांचा परवाना पुढे चालवत नाही म्हणतो. तुझं तिथं वजन आहे. एक शब्द टाक गो."

माझं वजन कुठून आलं ते तुला ठाऊक आहे. तरी मी सांगते, कारण आजवर आपण दोघी ते सोडून बाकी सगळं बोललो.

गोळीबाराचं ते साल. आमचे हे जाऊन फार दिवस झाले नव्हते, वखार नुकतीच माझ्या नावावर झाली होती. गिरणीतला दगडू दोघांना घेऊन आला, संयुक्त महाराष्ट्र समितीच्या पोस्टरांची खळ शिजवायला बाटलीभर रॉकेल मागितलं. मी दिलं. त्यांनी खळच शिजवली. गणेश टॉकीजपर्यंतच्या भिंतींवर ती सगळ्यांना दिसली.

जूनमध्ये वखारीचा परवाना नवा करायला कचेरीत गेले, तर तेव्हाचा साहेब म्हणाला, "बाई, तुमच्या रॉकेलनं ट्राम पेटल्या. परवाना मिळणार नाही."

"कोण म्हणतं?"

"ते सांगता येत नाही."

"मग लिहून द्या, कुठल्या कलमाखाली नाही म्हणता ते."

"वरून तोंडी सूचना आहे. जा आता."

वखारीला कुलूप लागलं. पावसाळा सरायच्या आत करी रोडला तुझ्या नवऱ्यानं, गंगाधररावांनी, रॉकेल-कोळशाचं दुकान थाटलं आणि माझी गिऱ्हाइकं तिकडे वळली. मी घोडपदेवला कमलाबाईंच्या खानावळीत भाकऱ्या थापायला लागले. ज्या हातांनी कोळसा विकला त्याच हातांनी दुसऱ्याच्या चुलीत कोळसा घालत होते, आणि तो कोळसा तुमच्या दुकानातून येत होता.

आई तेव्हा माझ्याकडेच होती. रोज विचारायची, "शांता कशी येत नाही गो?" मी सांगायचे, तिला बरं नाही, तिच्याकडे पाहुणे आहेत, ती गावाला गेलीय. आई केईएम इस्पितळात वारली तीही तू गावाहून परतशील म्हणून वाट बघतच. तिला मी खरं कळू दिलं नाही. तुझ्यासाठी नाही हो, तिच्यासाठी.

गिरगावच्या चिंतामणी वकिलांनी माझा अर्ज हायकोर्टात लावला. जज्जसाहेब इंग्रजीत बोलले, वकिलांनी मला जिन्यात मराठीत सांगितलं. परवाना नाकारायची कारणं कायद्यात लिहिलेली आहेत, तेवढ्याच कारणांवर तो नाकारता येतो. साहेबाच्या मनातलं कारण किंवा वरची कुजबुज चालत नाही. आणि नाकारायच्या आधी माणसाला समोर बोलावून त्याचं ऐकून घ्यावं लागतं. निकाल माझ्या बाजूनं, परवाना परत. मी तिथेच पायरीवर बसले. रडू आलं नाही. मनात एकच आलं, आता गंगाधरची पाळी.

ती पाळी मंगळवारी आली. नव्या साहेबानं मला बोलावून खुर्ची दिली. म्हणाला, "बाई, तुमच्यावर फार अन्याय झाला. आता राज्य आपलं आहे. त्या गंगाधरविरुद्ध दोन ओळी लिहून द्या, त्याचं नूतनीकरण मी थांबवतो."

मी विचारलं, "कारण काय दाखवाल?"

"कारण कशाला? वरून तोंडी सूचना आहे म्हणेन."

शांते, मी लेखणी हातात घेतली. एक ओळ लिहिलीसुद्धा. इतकं सुंदर अक्षर माझं कधी आलं नव्हतं. मग थांबले आणि कागद फाडला.

दया आली असं समजू नकोस. साहेबानं असं अडवलं तर गंगाधर कोर्टात जाईल आणि माझ्याच निकालावर जिंकेल. वर लोक म्हणतील, बिचाऱ्यावर अन्याय झाला. अन्याय झालेला माणूस म्हणून त्याला मी मिरवू देणार नाही. ते मी भोगलंय, त्याला फुकट मिळायचं नाही.

तेव्हा त्याला सांग, बेधडक जा. साहेबानं अडवलं तर म्हणावं, हायकोर्टाचा निकाल आहे, असं अडवता येत नाही. साहेब विचारील, कुणाचा निकाल? मग त्यानं माझं नाव घ्यावं. हळू नाही, बाकड्यावरच्या सगळ्यांना ऐकू जाईल असं. दर साली परवाना नवा होईल तो माझ्या नावाच्या आधारानं होईल. शेगडी पेटवताना, काडी ओढताना त्याला ते आठवू दे.

गिऱ्हाइकाचं मात्र मी काही करू शकत नाही. परवाना सरकार देतं, गिऱ्हाईक चाळ देते. नळावर बायकांनी मला विचारलं, मी घडलं तेवढंच सांगितलं. एक अक्षर वाढवलं नाही.

आता तुझं. दगडू बाटली न्यायला आला तेव्हा वखारीत सहावं कुणी नव्हतं. तीन ते होते, मी होते, आणि काथ्याच्या पोत्यावर बसून आईसाठी आणलेली फणसपोळी खाणारी तू होतीस. ते तिघे तर पोलिसांच्या लाठ्या खाऊनही काही बोलले नाहीत.

गंगाधरला तू काय सांगितलंस आणि त्यानं त्याचं काय केलं, ते मी तुला कधी विचारलं नाही. आजही विचारत नाही. फक्त त्याच्या जोडीनं कचेरीत जा, आणि तो माझं नाव घेईल तेव्हा मान वर करून उभी राहा. जमतं का बघ.

माझ्या दारात पुन्हा येऊ नकोस. आई नाही, आता खोटं सांगायला मला कारण उरलं नाही.

शेवंती सीताराम परब
(कचेरीत हेच नाव सांगायचं. बहीण म्हणून नाही, निकालातली अर्जदार म्हणून.)