आईच्या झाडाची इंग्रजी पाटी

७ एप्रिल
शेतकरी सोसायटीची मीटिंग. इंग्लंडहून मसाल्याची एक व्यापारीण, पेल्हमबाई, जुलैत आपल्या झाडांचा सान्शो बघायला येणार. पसंत पडला तर दरवर्षी नेणार. अध्यक्ष इनुईबाईंनी विचारलं, पाकिटावर इंग्रजीत अर्थ आणि वापर कोण लिहील? सगळ्यांनी चहाच्या कपात बघितलं. मी हात वर केला. या डोंगरात इंग्रजी येणारा मी एकटाच. तरुणपणी वाकायामाला शनिवारचा क्लास केला होता, शिवाय हवाईची ट्रिप. इनुईबाई म्हणाल्या, "कुरिसु-सान, दोनच ओळी हव्यात हं."
दोन ओळी. रविवारपर्यंत फायनल.

१३ एप्रिल, रविवार
डिक्शनरीत सान्शो म्हणजे 'जॅपनीज पेपर', जपानी मिरी. तळपायाची आग मस्तकात गेली. मिरीचा आणि आमचा काय संबंध? सान्शो लिंबाच्या कुळातला. लिंबावरची फुलपाखराची अळी सान्शोच्या पानावर बसते. अळीला जे कळतं ते डिक्शनरीवाल्यांना कळू नये.
आता इंग्रज लोक हे नाव वाचून अंड्यावर मिरीसारखा भुरभुरवणार. जीभ बधिर झाली की डॉक्टरला फोन करणार. गावाची अब्रू जाणार. म्हणजे दोन ओळींचं काम हे नाही. आधी योग्य नाव हवं.
बायको, फुमिए, म्हणाली, बांबूचे कोंब शिजवलेत, वर घालायला सान्शोची कोवळी पानं खुडून आणता का? म्हटलं, काम चालू आहे. तीच जाऊन आली.

२० एप्रिल
पहिला ड्राफ्ट तयार. 'हा पेपर नाही.' ठाम आणि नेमका. फुमिएला अर्थ सांगितला. म्हणाली, "अहो, मिठाच्या पिशवीवर कुणी 'ही साखर नाही' असं लिहितं का?"
तिला इंग्रजी येत नाही, म्हणून वाद घातला नाही.

३ मे
सुट्टीत शुहेई ओसाकाहून आला. फ्रीज विकून कंटाळलाय. रात्री जेवताना म्हणाला, "बाबा, या हिवाळ्यात आईच्या झाडाच्या काड्या द्या. वरच्या उतारावर कलमं बांधतो. ती लागली की नोकरी सोडून इथेच राहतो."
फुमिएने चॉपस्टिक्स खाली ठेवल्या आणि भांडी उचलायला उठली. भांडी अजून भरलेली होती.
आईचं झाड माझ्या वडिलांनी कलम केलेलं. या खोऱ्यातले निम्मे सान्शो त्याच्या लेकी, म्हणून ते आईचं झाड. एरवी सान्शो वीसेक वर्षांत थकतो, एका उन्हाळ्यात उभा वाळतो. हे झाड मी शाळेत होतो तेव्हापासून उभं आहे, आणि याची काडी कधी वाया जात नाही. शुहेईला म्हटलं, हव्या तेवढ्या काड्या घे. मुलगा परत येणार. मनाला बरं वाटलं. एकदा हे इंग्रजीचं उरकलं की त्याच्याशी सविस्तर बोलेन.

९ मे
आयडिया सुचली. अर्थ पाकिटावर मावत नसेल तर पाटीवर मावेल. पेल्हमबाईंना आईचं झाड दाखवणारच आहोत. झाडाखालीच मोठी पाटी, हिरव्या रंगात. दोन खांब स्वतः ठोकले, खोडाला अगदी लागून. फोटोत झाड आणि पाटी दोन्ही यायला हवीत.
शेजारच्या उतारावरून माएशिबा आजी बघत होत्या. वय शहाऐंशी, तोंड त्याहून जुनं. म्हणाल्या, "तेइजी, सान्शोची मुळं तळहाताएवढीही खोल नसतात रे. विसरलास?"
मी विसरेन? नव्या माणसाला पहिल्या दिवशी मीच सांगतो, की बुंध्याशी कुदळ मारू नका, पायसुद्धा देऊ नका. पण कुदळ वेगळी, खांब वेगळा. हे बारीक खांब आहेत.

१६ मे
वाऱ्याने पाटी कलली. खांबांच्या बुडाशी सिमेंट ओतलं. थोडंच. पाहुणीला नीट उभं राहून वाचता यावं म्हणून समोर फरशा बसवल्या, त्यासाठी माती जरा चोपून घेतली. आता भूकंपालाही दाद देणार नाही.
पाटीवर सध्या 'हा पेपर नाही' एवढंच लिहिलं आहे. खाली जागा सोडली आहे. मग तो काय आहे, हे उद्या लिहीन.

२७ मे
हिरवी फळं तोडायचे दिवस. फुमिए आणि माएशिबा आजी सकाळपासून हातानेच तोडतात, घोसाला नख लागू देत नाहीत. काट्यांनी बोटं भरली आहेत दोघींची. मी पाटीसमोर उभा राहून स्वागताच्या भाषणाचा सराव करतो, मोठ्याने.
आजींनी काम थांबवलं. सान्शो तोडताना गायचं नाही, झाड वाळतं, हे इथे लहान मुलालाही ठाऊक आहे. मी म्हटलं, आजी, हे गाणं नाही, इंग्रजी आहे. म्हणाल्या, "चालीत म्हणतोयस ना? मग झाडाला काय कळणार?"
अंधश्रद्धा. तरी आवाज कमी केला.

८ जून
आईच्या झाडाच्या शेंड्याची पानं पिवळी. ऊन आहे. पाणी घातलं.

१५ जून
पावसाची झड लागली आहे. शेंडा अजून पिवळाच. तरी पाणी घातलं. पावसाचं पाणी सगळीकडे पडतं, माझं नेमकं बुंध्याशी पडतं.
नवा ड्राफ्ट: 'लिंबासारखा वास, विजेसारखा झटका.' डिक्शनरीत वीज बघताना शॉक लागून मेलेल्या माणसाचं उदाहरण निघालं. ड्राफ्ट रद्द.

२३ जून
सकाळी झाडाखाली पानांचा सडा. फरशांवरून झाडून काढला. झाड जुनी पानं टाकतंय, नवी आणायला. माणूससुद्धा पाहुणे येणार म्हटल्यावर घर आवरतो.

२९ जून
फुमिए म्हणाली, "अहो, पाटी काढा."
तिला शांतपणे समजावलं. खांब उपटले तर सिमेंटबरोबर उरलीसुरली मुळं निघतील. आणि रंग ताजा आहे. तिने विचारलं, उरलीसुरली म्हणजे? मी म्हटलं, बोलण्याची पद्धत असते एकेक.
ती बराच वेळ झाडाला हात लावून उभी होती. मग म्हणाली, "काड्या हिवाळ्यात काढायच्या असतात ना? हिवाळ्यापर्यंत टिकेल का हो?"
टिकेल म्हणालो. टिकायलाच हवं.

४ जुलै
बुंध्याभोवती पेंढा. सावलीसाठी माझी काळी छत्री फांदीला बांधली. वडिलांच्या फोटोपुढे भात ठेवला आणि म्हटलं, कलम तुम्ही केलंय, जरा तुम्हीही लक्ष घाला.
शुहेईचा फोन. नोकरी सोडण्याचं साहेबांच्या कानावर घातलं म्हणे. झाड कसं आहे विचारलं. म्हटलं, विश्रांती घेतंय.

११ जुलै
खोडाला नखाने खरवडून पाहिलं. आत तपकिरी. थोडं वर खरवडलं, तपकिरी. एका फांदीवर जरासं हिरवं दिसलं आणि देवाचे आभार मानले. मग बघितलं तर पाटीचा रंग माझ्या नखात होता.
पेरंपेरं तपासलं. अजून एखादं असेल. उद्या उजेडात बघतो.

१७ जुलै
बघितलं. नाही.
परवा पेल्हमबाई येणार. इनुईबाईंनी फोनवर विचारलं, दोन ओळींचं काय झालं? म्हटलं, शेवटचा हात फिरवतोय.
माएशिबा आजींकडून छाटलेल्या हिरव्या फांद्या मागून आणल्या. कशाला हव्यात, हे त्यांनी विचारलं नाही. एवढंच म्हणाल्या, "तुझ्याच झाडाच्या लेकी आहेत. जपून ने."
बारीक तारेने फांद्या झाडाला बांधल्या. लांबून झाड अगदी पूर्वीसारखं दिसतं. मी लांबूनच बघत बसलो.

१९ जुलै
पेल्हमबाई आल्या. अस्खलित जपानी बोलतात. क्योतोत सात वर्षं काढली आहेत. माझं भाषण त्यांनी शेवटपर्यंत ऐकलं आणि अतिशय नम्रपणे विचारलं, हे कुठल्या भाषेत होतं?
मग फरशीवर उभ्या राहून त्यांनी पाटी वाचली. 'हा पेपर नाही.' खाली मोकळी जागा. म्हणाल्या, "बरोबर आहे की. आमच्याकडे आता सगळे सान्शोच म्हणतात. डिक्शनरीतही सान्शो आहे. तुमची जुनी असेल."
जुनी आहे. शनिवारच्या क्लासात मिळालेली.
त्यांनी कौतुकाने फांदीला हात लावला. फांदी तारेसकट हातात आली. इनुईबाई डोंगराकडे बघायला लागल्या.
फुमिए पुढे झाली. वाळवलेल्या सान्शोच्या फळाची एक साल तिने पेल्हमबाईंच्या तळहातावर ठेवली आणि म्हणाली, "जिभेवर ठेवा. चावू नका. थांबा."
त्या थांबल्या. आधी वास नाकात गेला असणार, कारण डोळे मिटले. मग ओठ थरथरले, डोळ्यांत पाणी आलं आणि हसू फुटलं. पाकिटावर नुसतं सान्शो एवढंच लिहा म्हणाल्या. माल ठरला. सगळे जेवायला गेले. सान्शो भुरभुरवून भाजलेली ईल मासळी होती.
मी फांद्या सोडवत मागे राहिलो. तारा घट्ट बांधल्या होत्या.

१४ ऑगस्ट
शुहेई आला. पितरांना दिवा लावून थेट झाडाकडे गेला. मी मागोमाग गेलो आणि यंदाच्या उन्हाबद्दल बोललो, किडीबद्दल बोललो, आजींच्या अंधश्रद्धेबद्दलही बोललो. तो खांबाच्या बुडाशी बसून सिमेंटवर हात फिरवत होता.
"बाबा," तो म्हणाला, "एवढंच सांगा. खांब ठोकताना मुळं तुटल्याचा आवाज आला होता का?"
मी म्हटलं, मी तेव्हा इंग्रजी म्हणत होतो.

१५ ऑगस्ट
शुहेई नोकरी सोडून येतोय. माएशिबा आजींनी आपला उतार त्याला कसायला दिला. काड्याही त्यांच्याच झाडांच्या. तिकडेच राहणार, आजींना सोबत होईल. फुमिए रोज दुपारी तिकडे जाणार म्हणते. आपल्या अंगणातून त्यांचं छप्पर दिसतं, म्हणजे तसा तो घरीच आला.
त्याने आईचं झाड कापलं. जाड फांदीचा फुमिएसाठी बत्ता करतोय. सान्शोच्या लाकडासारखा बत्ता नाही, सगळे म्हणतात. हा वापर माझ्या एकाही ड्राफ्टमध्ये नव्हता.
संध्याकाळी घण घेऊन तो पाटीचे खांब काढायला गेला. पुष्कळ घाव घातले. खांब जागचे हलले नाहीत.
यंदा मी लावलेल्यापैकी तेवढंच लागलं.